भिंतीपलीकडची रोझरी

खूप दिवसांनी लिहायला बसलोय. मधे आत्याला भेटून आलो, आणि तेव्हापासून डोक्यात जे घोळतंय ते उतरवून काढल्याशिवाय सुटका नाही असं दिसतंय. घरातली बरीच मंडळी इथं येऊन वाचतात (काही जण गुपचूप, हेही मला ठाऊक आहे), त्यामुळे थोडं जपून लिहीन. फार जपून नाही.

आमची आत्या, म्हणजे बाबांची सगळ्यात धाकटी बहीण, कार्मेल मठात आहे. शाळेत शिकवणाऱ्या, दवाखाने चालवणाऱ्या सिस्टर सगळ्यांनी पाहिलेल्या असतात. आत्या तशी सिस्टर नव्हे. कार्मेलच्या सिस्टर मठाचं आवार सोडत नाहीत. डॉक्टरकडे जावं लागलं तर जातात, तेवढंच. पहाटेपासून रात्रीपर्यंत ठरल्या वेळी स्तोत्रं, सकाळ-संध्याकाळ एकेक तास निःशब्द प्रार्थना, मधल्या वेळात काम, आणि जेवणानंतर थोडा वेळ गप्पा. आत्या १९७२ साली तिथं गेली, एकवीस वर्षांची असताना. मी तेव्हा जन्मलोही नव्हतो.

लहानपणी वर्षातून एकदा आम्ही सगळे तिला भेटायला जायचो. जाळीच्या पलीकडे ती बसायची, अलीकडे आम्ही. ती खूप हसायची. मला वाटायचं, कोंडून ठेवलेली माणसं एवढी हसतात कशी? निघताना आम्हा पोरांना एक पुडी मिळायची. मिस्सेच्या भाकरीच्या गोल चकत्या त्या मठात तयार करत, आणि चकत्या कापून उरलेली कात्रणं पुडीत बांधून देत. पांढरी, कुरकुरीत, चव अशी काहीच नाही. वसई येईपर्यंत दादा आणि मी त्यावरून भांडायचो.

१९८३ साली आजी गेली. तिची स्वतःची आई. आत्या आली नाही. तेव्हाच्या त्यांच्या नियमांत ते बसत नव्हतं. मी नऊ वर्षांचा होतो. मातीवरून परत आल्यावर बाबा ओट्यावर भिंतीला टेकून बसले होते, आणि कोणीतरी म्हणालं, असला कसला देव, जो पोरीला आईचं तोंड बघू देत नाही. बाबा काही बोलले नाहीत. मला मात्र तो प्रश्न तिथंच चिकटला.

पुढे बँकेत लागल्यावर माझ्या टेबलाशेजारच्या सहकाऱ्याने एकदा सहज विचारलं, "तुमच्यातही संन्यास असतो होय? पण मग संसारी माणसाला त्याचा उपयोग काय?" तो पक्का वारकरी. त्याच्या डोळ्यांपुढे एकनाथ, तुकाराम. दोघंही बायकामुलांतले. मी काहीतरी थातुरमातुर उत्तर दिलं. खरं म्हणजे तो माझाच प्रश्न होता.

ख्रिस्ती मठवासाची गोष्ट सांगायची तर सुरुवात इजिप्तच्या संत अंतोनींपासून करावी लागते. (आपल्याकडे घरोघरी ज्यांची तसबीर असते, हातावर बाळ येशू घेतलेले, ते पदुआचे अंतोनी वेगळे. ते तेराव्या शतकातले.) हे अंतोनी जन्मले साधारण २५१ साली आणि वारले ३५६ साली, म्हणजे शंभरी ओलांडून. विशीच्या आसपास आईवडील गेले. मागे राहिली बरीच जमीन आणि एक लहान बहीण. एके दिवशी चर्चमध्ये शुभवर्तमान वाचलं जात होतं. श्रीमंत तरुणाला येशू सांगतो की सगळं विकून गोरगरिबांना दे, तो प्रसंग. अंतोनींना वाटलं, हे आपल्यालाच सांगितलंय. जमीन गावाला देऊन टाकली, बाकीचं विकून वाटलं. बहिणीपुरतं थोडं ठेवलं होतं, पुढं तेही वाटलं आणि तिला व्रतस्थ बायकांच्या हवाली केलं. मग स्वतः आधी गावाबाहेर आणि नंतर वाळवंटात.

त्यांचं चरित्र अलेक्झांड्रियाचे बिशप अथानासियस यांनी लिहिलं, आणि त्या पुस्तकाने किती जणांना घराबाहेर काढलं त्याला गणती नाही. मी मात्र ते वाचताना सारखा त्या बहिणीला शोधत होतो. तिला कोणी विचारलं का? पुस्तकात ती आणखी एकदाच भेटते. कितीतरी वर्षांनी अंतोनी परत येतात तेव्हा ती म्हातारी झालेली असते आणि इतर मुलींना मार्ग दाखवत असते. भावाला आनंद होतो. तिला काय झालं, ते लिहिलेलं नाही.

आपल्याकडे विठ्ठलपंत घर सोडून काशीला गेले तेव्हा आळंदीत मागे राहिलेली रुक्मिणी आठवते की नाही? तसंच. कोणीतरी देवासाठी निघून जातं, आणि त्याची किंमत मागे राहिलेलं माणूस भरतं. हे मी आजही खोटं मानत नाही. मठवासाबद्दल भारावून लिहिणाऱ्यांनी ही बाजू झाकू नये असं मला वाटतं.

असो. आता आमच्या घराबद्दल.

बाबा गेल्यावर तीन वर्षांनी वाडीची वाटणी झाली. वसईत राहणाऱ्यांना जास्त सांगायला नको. केळी आणि पानवेलींच्या वाड्यांना जमिनीचा भाव आला आणि घराघरांत मोजणीच्या साखळ्या पडल्या. दादाला विकायचं होतं, मला नव्हतं. शेवटी जमीन वाटली, घरही वाटलं, ओट्याच्या मधोमध भिंत आली. विहीर तेवढी सामाईक राहिली. चूक कोणाची ते इथं लिहिणार नाही. माझीही होती, एवढं पहिल्यांदाच लिहितोय. बाबांच्या वर्षमिस्सेला जमलेल्या पाहुण्यांसमोर मी दादाला जे बोललो ते बोलायला नको होतं. त्यानंतर आम्ही एकमेकांशी बोलतो ते फक्त कोणाच्या तरी मातीला, आणि तेही "किती वाजता?" एवढंच.

पण एक गंमत राहिली. आमच्या घरात संध्याकाळी साडेसातला रोझरी म्हणायची पद्धत. पूर्वी सगळे ओट्यावर एकत्र बसायचो. आता भिंतीच्या पलीकडे दादाकडे रोझरी चालते आणि अलीकडे माझ्याकडे. वेळ तीच, कारण दोघांनाही आईनेच लावलेली. दादा लहानपणापासून भरभर म्हणतो. मग होतं असं, की माझा एक 'नमो मारिया' संपतो तेव्हा पलीकडून पुढच्याचा अर्धा ऐकू येत असतो. इतकी वर्षं रोज संध्याकाळी हे दोन सूर एकमेकांना धक्के देत चाललेत.

गेल्या वर्षी आत्या पडली, खुब्याचं ऑपरेशन झालं. मी एकटाच भेटायला गेलो. जाळी आता राहिलेली नाही, एक लाकडी कठडा आहे. वॉकर घेऊन ती हळूहळू आली. हसली. हसणं तेच.

इकडतिकडचं बोलून झाल्यावर मी विचारलं. चाळीस वर्षं पोटात ठेवलेलं.

"आत्या, आजी गेली तेव्हा तू का आली नाहीस?"

ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "रात्रभर चॅपेलमध्ये बसून होते रे. मी बरोबर केलं की नाही, मला अजून ठाऊक नाही. विचारते त्याला अधूनमधून." थोडं थांबून म्हणाली, "तुझ्या बाबांनी दोन वर्षं मला पत्र पाठवलं नाही. मग एक दिवस आलं. आत फक्त केळ्यांना काय भाव मिळाला आणि विहिरीला पाणी किती आहे, एवढंच होतं. ते वाचून मी जेवढी रडले तेवढी आई गेल्यावरही रडले नव्हते."

मला काय बोलावं सुचेना. मग तीच म्हणाली, "संसार सोडून गेली असं लोक म्हणतात ना? अरे, मी कुठला संसार सोडला! घरी आम्ही नऊ माणसं होतो, इथं वीस बायकांच्या संसारात येऊन पडले. आणि घरातली माणसं निदान लग्न होऊन जातात तरी."

आविलाच्या संत तेरेजांनी १५६२ साली या सुधारित कार्मेलचा पहिला मठ काढला तेव्हा त्यांनी माणसं मुद्दाम मोजकी ठेवली होती, आधी तेरा, नंतर जास्तीत जास्त एकवीस. माणसं कमी म्हणजे शांतता जास्त, असं मला वाटायचं. आत्याकडून कळलं, माणसं कमी म्हणजे चुकवायला जागाही कमी. चॅपेलमध्ये तिच्या शेजारी बसणारी एक सिस्टर आयुष्यभर स्तोत्राची ओळ थोडी आधी सुरू करायची. रोज. लिझ्यूच्या छोट्या तेरेजालाही असाच त्रास होता. प्रार्थनेच्या वेळी मागे बसलेली एक सिस्टर सतत बारीकसा आवाज करायची, आणि चिडून वळून पाहण्याऐवजी तेरेजा तो आवाजच संगीत समजून देवाला अर्पण करायला शिकली. ते तिने आत्मचरित्रात लिहून ठेवलंय. आत्या म्हणाली, "छोटी तेरेजा चोविसाव्या वर्षी गेली, तेवढ्यात तिला जमलं. मला पन्नास लागली. आणि जमलं तेव्हा ती सिस्टर वारली. आता ओळ वेळेवर सुरू होते आणि मला करमत नाही."

मग तिने दादाचं विचारलं. तिला सगळं माहीत होतं. मी रोझरीची गंमत सांगितली तर म्हणाली, "तुमच्यात भिंत तरी आहे. तुझं सोपं आहे."

परत येताना बांद्र्याला उतरून संत बेनेडिक्टचा 'नियम' विकत घेतला. आत्याच्या कार्मेलचा नियम वेगळा, पण पश्चिमेकडच्या बहुतेक मठांचा पाया हे सहाव्या शतकातलं पुस्तक आहे. छोटंसंच आहे, प्रस्तावना आणि ७३ प्रकरणं. विरार लोकलमध्ये उभ्याने वाचून होतं.

त्याआधीचा इतिहास थोडक्यात सांगतो. वाळवंटात गेलेली माणसं फार काळ एकेकटी राहिली नाहीत. साधारण ३२० च्या सुमारास पाखोमियस यांनी नाईलच्या काठी एकत्र राहणाऱ्यांचा मठ उभारला. संत बासिल यांनी तर एकट्याने राहण्यावर सरळ आक्षेपच घेतला. येशूने शिष्यांचे पाय धुतले, मग तू एकटा राहिलास तर कोणाचे धुणार? बेनेडिक्ट स्वतः आधी सुबियाकोच्या गुहेत तीन वर्षं एकटे राहिले. मग जवळच्या काही मठवासीयांनी त्यांना आपला प्रमुख केलं, शिस्त सोसली नाही तेव्हा त्यांच्या द्राक्षारसात विष कालवलं. पोप ग्रेगरींनी लिहिलेल्या चरित्रात हे आहे. भावकी ती भावकीच! :-) त्यातून वाचलेला माणूस पुढे मोंते कासिनोला मठ उभारून नियम लिहितो, तेव्हा तो माणसांबद्दल भाबडा असणं शक्यच नाही.

आणि तसा तो नाहीच. मला वाटलं होतं, पानापानांवर उपास आणि फटके असतील. शिक्षा आहेत, नाही असं नाही. पण मधे मधे अशा जागा आहेत की हसू येतं. पहाटे उठताना भावांनी एकमेकांना हळूच धीर द्यावा, कारण झोपाळूंकडे सबबी फार असतात. मठवासीयांनी द्राक्षारस पिऊच नये खरं तर, पण हल्ली हे त्यांना पटवून देणं अवघड, तर निदान बेताने प्यावा. कोठीवाल्याने मठाची भांडीकुंडी आणि अवजारं वेदीवरच्या पवित्र पात्रांसारखी सांभाळावीत. स्वयंपाकाची पाळी प्रत्येकाला आठवड्याने येणार. मठ सोडून गेलेला परत आला तर घ्यावा, तीनदापर्यंत, मात्र शेवटच्या जागेवर बसवावा.

घंटेचंही तसंच. प्रार्थनेची घंटा झाली की हातातलं काम टाकून निघायचं. इजिप्तच्या मठवासीयांबद्दल तर कासियानने लिहून ठेवलंय की अर्धं लिहिलेलं अक्षरही ते पुरं करत नसत. हे आत्याकडेही असंच आहे. मी तिला म्हटलं होतं, घंटेला काम टाकणं ठीक आहे, पण चिडलेलो असलो तर? ती म्हणाली, "मग चिडणंही अर्धं टाकायचं. नंतर ते पुरं करायला परत जायची गरज पडत नाही, बघ."

पण ज्या प्रकरणाने मला बोरिवलीपासून वसईपर्यंत पुढं वाचू दिलं नाही, ते तेरावं. बेनेडिक्ट सांगतात की सकाळच्या आणि संध्याकाळच्या उपासनेत शेवटी प्रमुखाने प्रभूची प्रार्थना मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल अशी म्हणावी. कारण? एकत्र राहणाऱ्यांत भांडणाचे काटे उगवतातच. आम्ही क्षमा करतो तशी आम्हाला क्षमा कर, हे शब्द रोज दोनदा कानांवर पडले म्हणजे माणसं आपणच दिलेल्या शब्दाने बांधली जातील आणि ते काटे काढून टाकतील.

मी गाडीत उभा राहून हसलो आणि मग हसू थांबलं. बेनेडिक्टला काटे उगवणार हे धरूनच चालायचं होतं. पवित्र माणसं भांडत नाहीत असं त्याने कुठं म्हटलेलं नाही. भांडतील, म्हणून रोज दोनदा मोठ्याने.

आजच्या भाविकाला मठाकडून काय घेण्यासारखं आहे, याचं उत्तर आम्हाला प्रवचनांतून नेहमी एकच मिळतं. मौन. एकांत. मोबाईल बंद ठेवा, दोन दिवस रिट्रीटला जा. मी गेलोय, चारपाच वेळा. प्रत्येक वेळी शांत होऊन आलो, आणि सोमवारी विहिरीच्या पंपावरून पलीकडच्यांना ऐकू जाईल असं बडबडलो. बेनेडिक्टने पहिल्याच प्रकरणात मठवासीयांचे चार प्रकार सांगितलेत. त्यातला सगळ्यात वाईट कोणता, तर या मठात तीन दिवस, त्या मठात चार दिवस असं फिरत राहणारा. मला माझाच फोटो दिसला.

त्याच्या नियमात व्रत आहे ते एका जागी टिकून राहण्याचं. याच मठात, याच माणसांबरोबर, मरेपर्यंत. संसारी माणसाला मौन परवडत नाही, घरात पोरं आहेत, कुकरच्या शिट्ट्या आहेत. मठवासीयाला पोरांच्या फिया भरायच्या नसतात, त्याचं सगळं आपल्याला उचलता येणार नाही. पण टिकून राहणं? ते तर आपल्या वाट्याला न मागता आलेलं आहे. भाऊ निवडून मिळत नाही, शेजारही नाही. मठवासी जे व्रत म्हणून घेतो ते आपण नशीब म्हणून कुरकुरत भोगतो. फरक एवढाच की त्याच्या दिवसात मधे मधे घंटा आहे आणि दोनदा मोठ्याने म्हटलेली ती एक ओळ आहे.

आणि खरं पाहिलं तर ते आपल्याकडेही आहे की. चर्चची आंजेलुसची घंटा सकाळ, दुपार, संध्याकाळ होते. बाबा वाडीत असले तर कुदळ तिथंच टेकवून उभे राहायचे, मी पाहिलंय. रोझरीचंही तसंच. मठवासी स्तोत्रसंहितेतली १५० स्तोत्रं म्हणत. ज्यांना लॅटिन येत नव्हतं, वाचता येत नव्हतं, त्यांनी त्या जागी १५० वेळा साध्या प्रार्थना म्हणायला सुरुवात केली, आणि त्यातून पुढे १५० 'नमो मारिया'ची माळ रूढ झाली. (२००२ साली पोप जॉन पॉल दुसरे यांनी आणखी पाच रहस्यं घातली, त्यामुळे आता हिशोब २०० चा.) म्हणजे आमच्या ओट्यावर भिंतीच्या दोन्ही बाजूंना रोज साडेसातला जे चालतं, ते अडाणी माणसांनी मठाकडून उचलून घरी आणलेलं आहे. माझ्या सहकाऱ्याला आता उत्तर देता येईल. संसारी माणसाने ते केव्हाच घेतलंय. फक्त घेतलंय हे विसरून गेलाय.

आल्यापासून मी एवढंच केलंय. रोझरीतली प्रभूची प्रार्थना मोठ्याने म्हणतो. पूर्वी आम्ही ती भराभर उरकायचो, आता सावकाश. "जशी आम्ही क्षमा करतो" इथं आलो की पहिले काही दिवस आवाज बसायचा. पोरं एकमेकांकडे बघायची. पलीकडे ऐकू जातं हे मला माहीत आहे, कारण तिकडचं मला ऐकू येतं. दादा अजूनही भरभरच म्हणतो. पण पलीकडचा आवाज त्या ओळीला हल्ली जरा थांबतो असं मला वाटतं. बायको म्हणते, तुझ्या मनाचे खेळ. असतीलही.

आमचा समेट झालाय असं कोणी समजू नये. जमिनीचं जे झालं ते झालं, त्यातलं काही मला अजून पटलेलं नाही आणि त्यालाही पटलं नसणार. पण बाबांचं ते पत्र मनातून जात नाही. दोन वर्षांच्या अबोल्यानंतर फक्त केळ्यांचा भाव आणि विहिरीचं पाणी. क्षमा मागणारं एक अक्षर नाही, आणि सगळं त्यातच.

परवा बाजारात चांगले ताजे बोंबील मिळाले. कालवण केलं, आणि आंजेलुसची घंटा झाल्यावर धाकट्याच्या हातात एक वाटी झाकून पलीकडे पाठवली. काय सांगू, असं त्याने विचारलं. म्हटलं, काही सांगू नको, बोंबील म्हण.

वाटी अजून परत आलेली नाही. आपल्याकडे शेजाऱ्याचं भांडं रिकामं परत करत नाहीत, तेव्हा वेळ लागणारच.

वहिनी, तू हे वाचतेस हे मला ठाऊक आहे. वाटीची घाई नाही.